गोडं की खारं

माझं काम सांगायला सोपं आहे :
माणसाला वाकवून धरायचं.
गुडघे पोटाशी, हनुवटी छातीशी,
माझा एक हात मानेमागं, एक गुडघ्यांमागं,
आणि सुई बाहेर येईस्तोवर त्याला हलू द्यायचं नाही.
अंबाजोगाईच्या सरकारी दवाखान्यात एकोणीस वर्षं हेच.
आता माझ्याच कमरेतली गादी सरकलीय,
पट्टा बांधून ड्यूटीवर येतो. ते असो.

खाट एकवीस. मसाजी फड, घाटनांदूरकडचे.
पाणाडे.
तळहातावर नारळ आडवा ठेवून रानं चालणारे.
नारळ उभा राहिला की टाच रोवायची : मारा इथं.
चार दिवसांपूर्वी तळपायांना मुंग्या आल्या,
मग पोटऱ्यांना, मग गुडघ्यांना.
काल चालता चालता चप्पल मागं राहिली
आणि पायाला कळलंच नाही.

"मणक्यातलं पाणी काढलं की माणूस लुळा पडतो,"
सून दारातच अडून होती.
डॉक्टर तहसीननी तिची वेणी हातात घेतली.
"हे बघ, गच्च विणलेलं आहे तो मज्जारज्जू.
तो इथं, रबराशी संपला. कमरेच्या वरच.
खाली हे नुसते सुटे केस, पाण्यात तरंगणारे.
सुई आली की बाजूला सरकतात."
सून बराच वेळ वेणीचं टोक बोटांत धरून बसली.

मग दोन्हीकडची कमरेची हाडं चाचपून
डॉक्टरांनी अंगठ्यानं मधली जागा शोधली.
थंड औषध, तीनदा गोल गोल.
भिंतीकडं तोंड करून मसाजी म्हणाले,
"नारळ नाही का आणला, बाई?"

पहिल्यांदा हाड लागलं.
सुई जरा वर कलती केली. पुन्हा हाड.
अडुसष्ट वर्षांचे मणके,
एकमेकांवर बसलेले, कडांना काटे फुटलेले,
फट अशी उरलेलीच नाही.
"खडक," मसाजी म्हणाले.
डॉक्टरांचा हात थांबला. मास्कची कड भिजली होती.

"कोरडं गेलं की मानूस घाई करतो बगा,"
छातीत दाबलेल्या हनुवटीतून आवाज आला.
"म्या बी केली. सांगू नाही, पन अकरा जागा कोरड्या गेल्या माझ्या.
लोक अजून नाव घेतेत.
बाराव्या टायमाला नारळ खाली ठिवला.
आदी चूळ भरली."

त्या हातमोजे काढून बाहेर गेल्या.
आल्या तेव्हा ओठ ओले होते.
"बसवा त्यांना, मामा."
खाटेच्या कडेला, पुढं उशी, उशीपुढं मी.
त्यांचं कपाळ माझ्या खांद्यावर.
घामाला बिडीचा आणि मातीचा वास.

ती बारीकशी 'टप्' डॉक्टरांच्या बोटांना कळते, मला नाही.
मला फक्त त्यांचा श्वास थांबलेला कळला.
आतली तार काढली.
काहीच नाही.
काहीच नाही.
मग सुईच्या तोंडाशी एक थेंब फुगला.

"लागलं?"
"लागलं, बाबा."
"किती फुटावर?"
"तीन बोटांवर."
ते हसायला लागले आणि आम्ही दोघं एकदमच ओरडलो,
हलू नका!

तीन बाटल्या. थेंब आपल्या चालीनं पडत होते.
बाहेर टँकर मागं येत होता, कुणीतरी "येऊ द्या, येऊ द्या" म्हणत होतं.
आत कुणी बोललं नाही.
डॉक्टरांनी बाटली खिडकीच्या उजेडात धरली.
नितळ.
उताणं झोपवल्यावर मसाजींनी छताला विचारलं,
"गोडं की खारं?"
"लॅब सांगेल."
"आमाला बी मशीन आल्यावरच कळायचं," ते म्हणाले,
आणि डोळे मिटले.

बाटल्या मी नेल्या.
एरवी मुठीत नेतो. अंगाइतक्या कोमट असतात.
आज जिन्यावरून जाताना
कंबर चमकली, कठडा धरला,
तरी दुसरा तळहात आडवाच ठेवला,
उगाच.